चार सेकंदांचा एलिसेओ

हवानाच्या चित्रपट-संस्थेत एनेय्दा कार्बायो अकरा वर्षं संकलक होती आणि तिने काय कापलं, काय जोडलं हे आजवर कुणालाही दिसलं नव्हतं. संकलकाची याहून मोठी स्तुती नाही. सांधा दिसला की संकलक फुकट.

शहराभोवती कॉफी लावायचं ठरलं, तेव्हा त्यावरचा चाळीस मिनिटांचा माहितीपट तिच्याकडे आला. त्यात चार सेकंद तिचा भाऊ एलिसेओ होता. रोप लावून हसत टाळ्या वाजवणारा.

त्याने देश सोडण्याचा अर्ज भरला, त्या संध्याकाळी आईने रोजच्यासारखी चार ताटं मांडली, काळा घेवडा नि भात वाढला. आई आणि दोघं भावंडं जेवली. नियमाप्रमाणे त्याला आधी ऊस तोडायला पाठवलं, मग विमानात बसवलं. आई दर रविवारी थिएटरात जाऊ लागली.

दृश्यशुद्धी विभागाचे फाबेलो आले.

"कॉम्रेड, तुमच्या चित्रपटात एक गैरहजर इसम हसतोय."

"चित्रीकरणाच्या दिवशी तो हजर होता."

"तो दिवस आता सुधारण्यात आलाय."

"आई आठवड्यातून चार सेकंद बघते हो त्याला. राहू द्या की!"

फाबेलो विरघळले. "बरं, फक्त चेहरा काढा. हातांवर विभागाचा आक्षेप नाही."

अर्ज हातांनीच भरला होता, हे एनेय्दा बोलली नाही.

पुढे कृषितज्ज्ञ मायामीला गेले, कापले. उद्घाटक मंत्री पदावरून गेले; कापले. मग कॉफी उगवलीच नाही, म्हणून रोपं कापली. चित्रपटाची लांबी मात्र योजनेनुसार चाळीस मिनिटंच हवी होती. निर्दोष असे दोन हातच उरले होते. एनेय्दाने तेच सहाशे वेळा जोडले.

समिती भारावली. "निखळ जनआनंद!" असा शेरा मिळाला, बक्षीसही. आईला आता चाळीस मिनिटं मुलगा मिळू लागला. तिसऱ्या रविवारी तिला राहवेना. ती उठून ओरडली, "अहो, माझ्या एलिसेओचे हात आहेत हे! ती बघा करंगळी, दारात चेंगरलेली!"

सोमवारी फाबेलो आले. हात निघाले. उरला आवाज. काळ्या पडद्यावर चाळीस मिनिटं टाळ्या, आणि आपण मागे पडायला नको म्हणून प्रेक्षकांच्याही.

"एनेय्दा, यातल्या त्याच्या कुठल्या गं?" आईने अंधारात विचारलं.



चौथं ताट लिसार्दोचं होतं, एनेय्दाच्या नवऱ्याचं. त्याने अर्जबिर्ज कधी भरला नव्हता. एका सभेत टाळ्या जरा उशिरा वाजवल्या, एवढंच. म्हणून तो या गोष्टीत नाही. ताटं चार होती, जेवणारे तीन. तुम्ही वाचलंत आणि पुढे गेलात.

सांधा चांगला बसलाय.