आक्षेपाची सात तिकिटं

एका जंगलात, मोठ्या वणव्यानंतरच्या तिसऱ्या वर्षी, माघ वद्य द्वितीयेला, ऐन हरभऱ्याच्या दिवसांत तीन पोरींनी सिनेमा काढायचं ठरवलं. मांडी घालून बसा. मध्ये विचारायचं नाही.

पोरी म्हणजे खार, साळुंकी आणि लावी. विषय प्रेम. तिघींनाही त्यातलं काही कळत नव्हतं. म्हणून तर काढायचा होता.

खारीने आपली ढोली घोरपडमावशीकडे गहाण ठेवली. हरभऱ्याचे तीनशे दाणे मिळाले. होळीपर्यंत ते परत केले नाहीत, तर ढोली मावशीची.

मोराने नायक व्हायला पोतंभर हरभरा मागितला.

"अरे, नुसता पिसारा तर फुलवायचाय!" साळुंकी म्हणाली.

"त्याचेच घेतो," मोर म्हणाला.

मग शेतातलं बुजगावणं नायक झालं. मानधन नाही, जेवण नाही. खार त्याच्याशी तासभर बोलली. साळुंकीने त्याला सोडलं आणि परत धरलं. लावी त्याच्या खांद्यावर टेकून रडली. म्हणाली, "हा बरा आहे गं. मध्ये बोलत नाही."

ते वाक्य सिनेमात तसंच राहिलं.

होळीच्या नऊ दिवस आधी गुहेत खेळ लागला. तिकीट दहा दाणे. खपली चार. खार सामान बांधायला लागली.

दुसऱ्या दिवशी संस्कार समिती आली. अध्यक्ष साळिंदरअण्णा आणि सहा ज्येष्ठ.

"बंद करा! पोरी बिघडतात."

"अण्णा, बघितलात का?" खारीने विचारलं.

सातही जणांनी बघितल्याशिवाय आक्षेप घ्यायचा नाही, हा समितीचा नियम. फुकट बघायचं नाही, ती लाच. दोन्ही नियम अण्णांचेच.

सात तिकिटं निघाली.

बाहेर आल्यावर अण्णा म्हणाले, "अश्लील काय, ते सांगा."

"ती खांद्यावर टेकते ना, नेमका तिथेच मी शिंकलो," ज्येष्ठांपैकी ससेबुवा म्हणाले. "नीट दिसलं नाही."

"मग उद्या परत."

समिती रोज आली. चौथ्या दिवशी अण्णांनी बायकोलाही आणलं. खेळ सुरू होताच ते तिला समजावू लागले.

"गप्प बसा हो," ती म्हणाली. "त्याच्याकडून शिका काहीतरी."

तात्पर्य: प्रेमाच्या सिनेमाला नायक नसला तरी चालतो. संस्कार समिती मात्र हवीच. खारीचं कर्ज होळीच्या पाच दिवस आधी फिटलं.