दाराजवळच्या फळीची बखर

श्रीविश्वकर्मा समर्थ. शके १९४६, क्रोधीनाम संवत्सरी, मार्गशीर्षमासी, दोन खोल्यांचे एका राज्यात जे वर्तले ते यथामति लिहितो. वाचणारांनी हसावे, परंतु त्र्यंबकरावांस हिणवू नये. मनुष्य मोठा मायाळू.

त्यांचे कुटुंब कमळजाबाई ब्लाउज शिवीत आणि मशीन पायाने चालवीत. गुडघ्याचे शस्त्रक्रियेउपरांत फरशीचा गारवा पायांत शिरू लागला, मग शिवण थांबले, आणि बाई दिवसभर रिकाम्या बसू लागल्या हे रावांस पाहवेना. सबब फरशीवर घालावयाच्या लॅमिनेटच्या, लाकडी नक्षीच्या फळ्या आणविल्या आणि स्वहस्ते अंथरण्याचा पण केला आणि सुतार बोलवा म्हणणारांची मसलत धुडकाविली. वडिलार्जित करवत, जिने तीस वर्षे बंबाचे सरपण कापिले, ती घेऊन मोहिमेस निघाले. आणि मग काय वर्णावे! करवत चालली की काठाचे टवके उडत, राव म्हणत, "होतं असं सुरुवातीला," आणि दुसरी फळी घेत. ऐशा सात फळ्या कामी आल्या. मग दाराजवळची जागा तेवढी उरली आणि फळीही एकच उरली. ती बसल्याखेरीज बाकीच्या सरकत, आणि सरकत्या जमिनीवर मशीन ठेवता येईना. दुकानदाराने कळविले की हा रंग येणे बंद जाहला.

ते समयी बाई बोलिल्या, "अहो, माझ्या कापडाच्या कात्रीनं कुणी कागद कापला तर मी घर डोक्यावर घेते. आणि तुम्ही सरपणाची करवत घेऊन बसलात! निवृत्ती सुतारांना बोलवा."

रावांनी लागलीच बोलाविले. निवृत्ती मिस्त्री जिगसॉ नामे विजेची छोटी करवत घेऊन आले, तीस बारीक दातांचे पाते चढविले आणि रावांचेच हाती दिली. "काका, काम तुमचं, तुम्हीच करा." राव फळीची नक्षी वर ठेवून चालवू जाणार, तोच बाई ओरडल्या, "थांबा! आम्ही कापड उलट्या बाजूनं कापतो."

मिस्त्री चहाचा कप खाली ठेवून हसले. "काकूंनी बरोबर पकडलं. हिचे दात खालून वर चावतात, टवका वरच्या अंगाला उडतो. पालथी घाला."

मग फळी पालथी जाहली आणि चिकटपट्टी लाविली आणि तिजवर रेघ मारिली आणि राव घाई न करिता, श्वास रोखून कापिते जाहले. उलटोन पाहतात तो काठ साफ! फळी दाराशी चपखल बसली आणि मशीन आत आले.

बाईंनी सपाता काढिल्या, अनवाणी गेल्या, बसल्या, पाय हलविला. राव दाराशी डोळे पुशीत उभे होते. विचारिले, "गार लागतं का गं?"

"नाही हो," बाई म्हणाल्या. "या इकडे, झब्ब्याचं माप द्या."

तात्पर्य, ज्या कामास जे हत्यार तेच धरावे, आणि ज्याचेसाठी काम काढिले त्यास आधी पुसावे. रावांस हे लग्नाउपरांत छत्तीस वर्षांनी उमगले. लवकरच म्हणावयाचे.