वहाबभाईंचा राउंड

"दिलाचं ऑपरेशन नक्को म्हणजे नक्को!" असं म्हणून बायकोने, आबेदाने, भिंतीकडे तोंड फिरवलं, तेव्हा वहाबभाई वॉर्डाबाहेर येऊन बाकड्यावर बसले. उभी हयात त्यांनी सिनेमात काढली होती. डॉक्टर, जज्ज, फौजदार, पुजारी, पाकीटमार, जे मिळेल ते केलं. म्हातारपणी औरंगाबादला परतले, तर चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा. नाव मात्र कुणालाच आठवायचं नाही.

"डाक्टरसाहेब!" फुलंब्रीकडची एक बाई, दगडाबाई, समोर येऊन उभी राहिली. "आमच्या मालकाचा पाय काढायचा म्हनायलेत. त्ये ऐकंनात. तुमी सांगा की जरा."

"बाई, मी डॉक्टर नाही."

"असं कसं? म्या टीव्हीत पाह्यलंय की! त्या पोरीच्या छातीतली गोळी काढली तुमी."

"ते खोटं असतं हो."

"पन पोरगी वाचली का नाय?"

बाईच्या डोळ्यांना धार लागली, तसे वहाबभाई उठले. तिच्या नवऱ्याच्या, कडूबाच्या खाटेपाशी जाताच त्यांची मान आपोआप ताठ झाली, आवाज खाली उतरला.

"कडूबा, पायापेक्षा जीव मोठा. काढून टाकू."

कडूबाने हात जोडले. "तुमी म्हंता, तर काढा."

इथेच थांबायला हवं होतं. पण शेजारच्या पेशंटने जीभ बाहेर काढली. त्याच्या पलीकडच्याने पोट उघडं केलं. कुणीतरी एक्स-रे हातात दिला. वहाबभाईंनी तो गंभीरपणे उजेडाकडे धरला. उलटा. नेमकी तेवढ्यात नर्स आली.

"तुम्ही कोण?"

"मी वहाब."

"कोण वहाब?"

तिच्या आरडाओरड्याने वॉचमन बद्रीनाथ धावत आला. त्याने वहाबभाईंचं बखोट धरलं, चेहरा निरखला आणि ओरडला, "शिस्टर, ह्यो पाकीटमार हाय! म्या वळखतो याला!"

अख्ख्या वॉर्डाने खिसे चाचपले. वरात निघाली ती थेट डॉक्टर शैलाबाईंपुढे.

"अरे, सोडा! हे आबेदाबींचे मिस्टर," त्या म्हणाल्या. सगळं ऐकून त्यांनी कपाळावर हात मारला. "धन्य आहे तुमची! त्या कडूबाला मी नीट समजावते पुन्हा. पण चाचा, परक्याला तयार केलंत, घरच्या माणसाचं काय? उशीर होतोय."

वहाबभाई आबेदाजवळ गेले. मान ताठ, आवाज खाली. "आबेदा, हट्टापेक्षा जीव..."

"ऱ्हाऊ द्या. तुमचे सगळे डाक्टर पाह्यलेत मी. निम्मे पेशंट इंटरवलच्या आतच मेले."

वहाबभाईंची मान खाली गेली.

"सकाळी चहा करायला गेलो," ते म्हणाले. "साखर कुठं असते तेच माहीत नाही. रिकामं भांडं घेऊन बसलो तसाच. घर खायला उठतंय गं."

आबेदाने मान वळवली. "ह्ये कोनत्या पिक्चरमधलं?"

"कोणत्याच नाही."

ती कितीतरी वेळ त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली. इतक्या वर्षांच्या संसारात हा चेहरा तिने पाहिला नव्हता.

"जा," ती शेवटी म्हणाली. "डाक्टरला बोलवा."

वहाबभाई दाराकडे निघाले. मागून पुन्हा आबेदाचा आवाज आला, "अन् ऐका, खऱ्या डाक्टरला."