स्टोयानकाकांचं मरण

पहिल्याच भेटीत स्टोयानकाका माझ्या दारात मेले.

आखातातल्या अबू हमूरच्या आमच्या कंपाउंडमध्ये, समोरच्या व्हिलात, हे बल्गेरियन गृहस्थ लेकीकडे राहायला आले होते. "काय काम करत होता?" मी आपलं सहज विचारलं. त्यांनी छाती धरली, भिंतीला घासत खाली सरकले आणि जीभ बाहेर काढून पडून राहिले. मी घामाघूम! बायको पाणी घेऊन धावली. तेवढ्यात एक डोळा उघडून म्हणाले, "खलास! सिनेमात हेच काम करत होतो."

जन्म सिनेमात गेला, पण प्रत्येक सिनेमात काका इंटरव्हलच्या आत मेले. गोळी, तलवार, घोड्यावरून पडणं, सगळं झालं. विष मात्र त्यांना आवडत नसे. "फार वेळ लागतो हो, तोवर कॅमेरा हिरोकडे वळतो." आमचं बोलणं मोडक्यातोडक्या इंग्रजीत चाले, पण मरणाचा विषय निघाला की भाषेवाचून काही अडत नसे. एकदा बायकोने केलेला ठेचा त्यांनी चमचाभर तोंडात टाकला आणि डोळे पांढरे करून टेबलाखाली गेले. आम्ही टाळ्या वाजवल्या. ते खरोखरच गुदमरले होते, बिचारे!

त्यांची एकच हौस राहिली होती: एका तरी भूमिकेत शेवटपर्यंत जगायचं. नात मिला त्यांचे सिनेमे बघायचीच नाही. "तिची आजीही तशीच," काका म्हणाले. "माझं मरण जवळ आलं की एलेना उठून थिएटरबाहेर जाऊन बसायची. माझा एकही सिनेमा पुरा पाहिला नाही तिने." एलेनाबाई आता नव्हत्या.

वर्ल्ड कप तोंडावर आला होता. आमच्या नव्या स्टेडियममध्ये आणीबाणीचं मॉक ड्रिल ठरलं. मी सेफ्टीवाला, म्हणून खोटे जखमी जमवणं माझ्याकडे. काकांना मी पाय मोडलेल्याची भूमिका दिली. आठवडाभर ते कंपाउंडमध्ये लंगडत फिरले. मिलाला शब्द दिला, "या वेळी आजोबा मरत नाहीत. बघायला ये."

मिला आली. वर गॅलरीत बसली आणि शेजारच्या खुर्चीवर तिने आजीची निळी शाल ठेवली.

इकडे खाली मोठे साहेब कार्डं वाटू लागले. जखमींना पिवळं, मेलेल्यांना काळं. पांढरे केस बघून त्यांनी काकांच्या गळ्यात काळं अडकवलं. "एक तरी मेलेला हवाच. यल्ला, चला, झोपा!"

एरवी तोंडाचा पट्टा चालू असणारे काका वर मिलाकडे बघून निमूट आडवे झाले.

"सर, एक मेला म्हणजे झालं ना?" असं म्हणून मी ते कार्ड काढून स्वतःच्या गळ्यात घातलं, माझ्याजवळचं एक जादा पिवळं काकांना दिलं आणि धाडकन पडलो.

"श्वास दिसतोय तुझा!" शेजारून काका पुटपुटले. "पोट आत घे. शी! असं मरतात का?" मग पाय धरून असे काही विव्हळले की खरा डॉक्टर पळत आला. स्ट्रेचरवर चढल्यावर मात्र दुखणंबिखणं विसरून दोन्ही हात हलवत सुटले.

स्ट्रेचर जरा पुढे गेलं, तोच मिला शाल घेऊन धावत खाली आली.

"पाहिलंस?" काकांनी विचारलं.

"शेवटपर्यंत! आजीनेपण. ती बाहेर गेलीच नाही."

काकांनी शाल हातात घेतली आणि तोंडावर धरली. बराच वेळ धरून ठेवली.

मी अजून मेलेलाच होतो, त्यामुळे मला डोळेही पुसता येईनात.