पीठ विश्रांती घेत आहे

एखाद्या माणसावर लिहिण्याचा मला अधिकार आहे का, हे मला खरंच माहीत नाही. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजात गेलेलं नाही. आई-बाबांचं लिहिणं म्हणजे सही, तीही जपून केलेली. त्यामुळे एखादं वाक्य वेडंवाकडं उतरलं तर वाचकांनी सांभाळून घ्यावं. पण मोघे काकांबद्दल कोणीतरी लिहायला हवं आणि ते स्वतः लिहिणार नाहीत. ते फक्त पाट्या लिहितात.

त्यांची पहिली पाटी मी वाचली तेव्हा कर्वेनगरला राहायला येऊन मला फार दिवस झाले नव्हते. आम्ही तिघं विद्यार्थी वरच्या मजल्यावर आणि काका आमच्या खाली. नळाला पाणी का नाही, हे विचारायला मी उतरलो, तर दारावर लिहिलेलं: ‘आत पीठ विश्रांती घेत आहे. बेल वाजवू नये. दार ढकलावे. आपटू नये.’

मला वाटलं, पीठ हे कोणाचं तरी आडनाव असावं. आजारी माणूस असेल म्हणून मी चपला हातात घेऊन आत गेलो.

‘‘चपला खाली ठेवा,’’ काका म्हणाले. ‘‘त्यांना चपलांचा त्रास नाही, दाराचा आहे.’’

‘ते’ म्हणजे ओट्यावरचं एक मोठं पातेलं. ओल्या फडक्याखाली झाकलेलं.

काका एका कारखान्यात तपासणी विभागात होते. आयुष्यभर दुसऱ्यांच्या कामातल्या चुका काढल्या, म्हणून असेल, निवृत्तीनंतर त्यांनी असं काम निवडलं की ज्यात माणसाला करण्यासारखं फारसं काही नाही. पीठ, मीठ, चिमूटभर यीस्ट, पाणी. लाकडी डावाने ढवळायचं आणि रात्रभर सोडून द्यायचं. मळायचं नाही. सकाळी तापलेल्या लोखंडी भांड्यात घालून, झाकण लावून ओव्हनमध्ये ठेवायचं, की ब्रेड तयार. त्यात गॅलरीतल्या कुंडीतल्या ओव्याची पानं बारीक चिरून. आधी त्यांनी रोझमेरी ही विलायती वनस्पतीही लावली होती. ती वाळली. ‘‘त्यांना पुण्याचं पाणी मानवलं नाही,’’ इतकंच ते म्हणाले.

आमच्याकडे गोंदियाच्या बाजूला पाव म्हणजे आजारी माणसाचं खाणं. ताप आला की चहात बुडवून मिळतो. धडधाकट माणूस हौसेने पाव करत बसतो, हे मी फोनवर सांगितलं तर आईने विचारलं, ‘‘त्यांची तब्येत बरी आहे ना?’’

काका सगळ्यांना अहो-जाहो करतात. मला, दूधवाल्याला, पिठालाही. सकाळी फडकं उचलून विचारणार, ‘‘उठलात का?’’ एकदा मी बोटाने जरा दाबून बघितलं, तर म्हणाले, ‘‘अहो कॉलेज, तुम्हाला झोपेत कोणी असं टोचलं तर चालेल का? आपण लुडबुड करायची नाही.’’ ब्रेड बाहेर काढला की त्याच्या कवचाला बारीक तडे जातात आणि आवाज येतो. तेव्हा काका खुर्ची ओढून, कान लावून बसतात. अशा वेळी शेजाऱ्यांनी मिक्सर लावला तर खिडकीतून म्हणतात, ‘‘चालू द्या. आमचं काय, आम्ही नुसते राहतो इथे.’’

रविवारचा ब्रेड मात्र ते स्वतः खात नसत. तो पुण्याच्या दुसऱ्या टोकाला, खराडीला जायचा. त्यांची मुलगी, मीनलताई, तिथे राहते. काकू तिच्याकडे होत्या, डॉक्टर तिथून जवळ म्हणून. माझा रविवारी खराडीला एक क्लास असे, म्हणून डबा माझ्याकडे. संधिवाताने काकूंच्या हाताची बोटं वाकली होती, पण जीभ सरळ होती. ‘‘सांगा त्यांना, दात अजून माझेच आहेत, पण किती दिवस राहतील ते या ब्रेडवर आहे.’’ मी निरोप जसाच्या तसा पोचवायचो. काका गंभीरपणे ऐकायचे आणि पुढच्या वेळी पाणी वाढवायचे.

ते दर बुधवारी काकूंना भेटून येत. पण घरी कधी येणार, हे विचारत नसत. मी एकदा म्हटलं, विचारा की. ‘‘लुडबुड नको,’’ काका म्हणाले.

एका रविवारी डबा घ्यायला गेलो तर ओट्यावर पातेलं पालथं. शेजारी टोपलीत पोळ्यांची चवड. काका फिरायला गेले असताना भांडी घासायला येणाऱ्या सुनंदाताईंनी पातेलं उघडून पाहिलं होतं.

‘‘पीठ लई सैल झालं हुतं बगा,’’ त्या मला सांगू लागल्या. ‘‘आंबूस वास बी येत हुता. वाया गेलं असतं. कणीक घातली, चांगलं मळलं आन पोळ्या टाकल्या. कशा टम्म फुगल्यात!’’

‘‘ताई, दारावर पाटी आहे ना?’’

‘‘बेल वाजवू नये लिवलंय. म्या कुठं वाजवली?’’

मला हसू आलं. फिरून आलेल्या काकांसमोर वाटीत दूध-चुरमुरे होते. सुनंदाताई गेल्यावर मी म्हटलं, ‘‘काका, पोळ्या गरम आहेत.’’

‘‘तुम्ही न्या वर. इथे कोणी खाणार नाही.’’

मग पातेल्याकडे बघत म्हणाले, ‘‘चाळीसेक वर्षं या घरात कणीक हिनेच मळली. बोटं चालेनात तेव्हा सुनंदाताईंना पोळ्या करायला सांगितलं. दुसऱ्या हातची पोळी पानात पडली आणि ही जेवलीच नाही. म्हणाली, आता माझं इथे काय काम? डॉक्टर वगैरे नंतरचं.’’ पातेलं सरळ करून म्हणाले, ‘‘म्हणून हे शोधलं. यात कोणालाच मळायचं नसतं. मग हात कसे का असेनात.’’

मला वाटायचं, काकांना ब्रेडचं वेड आहे. काकू खराडीला गेल्यापासून त्यांनी पोळीच खाल्ली नव्हती, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं.

त्या दिवशी मी खराडीला रिकाम्या हाताने गेलो. सांगावं की नाही, कळेना. शेवटी पोळ्यांचं सगळं सांगून टाकलं.

‘‘फुगल्या होत्या?’’ काकूंनी विचारलं.

‘‘हो.’’

‘‘यांनी किती खाल्ल्या?’’

‘‘एकही नाही. तुम्ही इथे आल्यापासून ते पोळी खातच नाहीत.’’

काकू आपल्या बोटांकडे बघत राहिल्या. ‘‘पोळीशिवाय जेवल्यासारखं वाटत नाही त्यांना,’’ त्या म्हणाल्या. ‘‘दर बुधवारी येऊन सांगतात, माझं मजेत चाललंय.’’ त्या दिवशी त्यांनी काही निरोप दिला नाही. काकांनी संध्याकाळी विचारलं तेव्हा मला फार अवघडल्यासारखं झालं.

शनिवारी मी खाली गेलो तेव्हा काका पीठ ढवळत होते. तेवढ्यात फोन वाजला. त्यांचे हात भरलेले, म्हणून मी स्पीकर लावून समोर धरला.

‘‘अहो,’’ काकू म्हणाल्या, ‘‘उद्या ब्रेड पाठवू नका.’’

काकांचा डाव थांबला. ‘‘बरं,’’ ते म्हणाले. का, हेही विचारलं नाही.

‘‘बरं काय? मीनल सकाळी मला सोडतेय. सुनंदाला जायला सांगू नका, कणीक भिजवायला थांबवा. मी शेजारी खुर्ची टाकून बसेन आणि सांगेन. फार घट्ट भिजवते ती. आणि ओव्याला हात लावू नका. झाड बोडकं केलं असेल एव्हाना.’’

फोन बंद झाला. काकांनी हात धुतले, फडकं ओलं करून घट्ट पिळलं, पातेल्यावर अंथरलं. मग जरा वाकून, मी ऐकत नाही अशा समजुतीने, हळूच म्हणाले,

‘‘ऐकलंत का? उद्या घरी येतायत.’’