जावयाचे तोंड न पाहता तालिपितीचे पाणी सर केल्याची हकीकत

राजे लढले, तख्ते फिरली, त्यांच्या हकीकती लिहिणारे पुष्कळ जाहले. परंतु सासू आणि जावई एकाच मोटारीत बसून, परस्परांचे तोंड न पाहता, परस्परांशी एक शब्द न बोलता, गोऱ्या पाहुण्यांची फौज संगे घेऊन वाळवंट ओलांडून गेली, ही गोष्ट कोणी दप्तरी दाखल केली नाही. उद्या लोक म्हणतील, ऐसे घडलेच नाही. यास्तव जे जाहले ते जाहल्याप्रमाणे, मीठमसाला बेताने घालून, येथे लिहिले आहे. वाचणाराने एका हाताने माशा वाराव्या आणि दुसऱ्या हाताने पान उलटावे. त्या मुलखात याहून निराळी रीत नाही.

ऑस्ट्रेलिया खंडाच्या नाभीत लाल वाळूचा मुलूख, त्यात अनंगू लोकांची वस्ती, आणि त्या वस्तीत मातोश्री यारिचीबाई, उमर सत्तरीपार, नजर घारीची, डावा गुडघा मात्र फितूर. तालिपिती म्हणून खडकातला पाणवठा आहे, तेथे त्यांचा जन्म जाहला. पुढे मिशनवाल्यांच्या पिठाची आणि साखरेची कीर्ती ऐकून वडील माणसे तेथून उठली, तेव्हा बाई लहान पोर होत्या, आणि मग पुन्हा जाणे जाहले नाही. जन्मभूमीच्या पाण्यास हाक मारावी, त्याचा गाळ उपसावा, नाहीतर पाणी रुसते, ऐसा त्या लोकांचा कायदा. आणि इतकी वर्षे तो गाळ बाईंच्या मनात साठत आला होता.

परंतु जावे कशाने? वस्तीत मोटारी पुष्कळ. एक मयतीस गेलेली, एक मयतीहून येताना मोडलेली, बाकीच्या चाकांवाचून झाडाखाली समाधी लावून बसलेल्या. धडधाकट मोटार येई ती पाहुण्यांसाठी. शहरांतले लोक येत, उघड्यावर निजत, पवित्र स्थळे पाहत आणि पावन होऊन परत जात. मग बाईंनी मसलत केली की यंदा पाहुण्यांस तालिपिती दाखवावी, म्हणजे पाहुणे पावन होतील आणि आपण घरी जाऊ. गुडघा पुढल्या थंडीपावेतो साथ देईल ऐसा भरवसा नव्हता. त्याहून खोल भय निराळेच होते आणि ते बाईंनी कोणास बोलून दाखविले नाही: वाट आठवेल की नाही.

सरंजाम सिद्ध जाहला. गुंडाळलेले बिछाने, पाण्याची पिंपे, पीठ, चहा आणि गोठवलेल्या कांगारूच्या शेपट्या, ऐशी रसद चढविली. सारथ्य बाईंच्या भाच्याने करावे ऐसे ठरले होते. परंतु ऐन कूच करावयाच्या सकाळी भाचेसाहेब फुटबॉलच्या जत्रेस पळाले, आणि त्यांच्यामागे वस्तीतला मोटार हाकणारा प्रत्येक पुरुष पळाला. उरला एक क्लिफर्ड, कारण मागल्या सामन्यात त्याचा घोटा मुरगळला होता. आणि क्लिफर्ड म्हणजे कोण, तर बाईंच्या धाकट्या लेकीचा नवरा.

वाचणारा म्हणेल, मग बरेच जाहले, घरचाच माणूस! त्याच्या डोळ्यांपुढे आपल्याकडली सासू आली असेल, जावयास आग्रह करकरून वाढणारी. त्या मुलखात तैसे नव्हे. सासूने आणि जावयाने एकमेकांकडे पाहू नये, बोलू नये, नाव घेऊ नये, एका सावलीत बसू नये. यास उमारी म्हणतात. हा रुसवा नव्हे, वैर तर नव्हेच. हा मान आहे, आणि मान जितका थोर तितके अंतर थोर. पूर्वी हा कायदा पाळणे सोपे होते. माणसे पायी चालत, सामान उंटावर असे. जावई पुढल्या टेकडीपलीकडे, सासू मागल्या टेकडीअलीकडे, आणि मधे वाऱ्यासदेखील ऐसपैस जागा. तेव्हाचे दिवसच रुंद होते. मग मोटार आली आणि अदब अरुंद जाहली.

बाईंनी स्वारी रहित करण्याचे मनात आणिले. तेव्हा इमुनाबाई पुढे आल्या. या यारिचीबाईंच्या बालमैत्रीण, आणि नात्याने क्लिफर्डच्या आजी. म्हणून त्यांस दोहोंकडे बोलण्याची मुभा होती.

"घरी बसतेस? बस. गुडघा बघ तुझा. पुढच्या वर्षी काय पाटीत घालून नेऊ तुला?"

"अगं, पण तो..."

"तो कोण? मला तर कोणी दिसत नाही. एक घोंगडी दे इकडं. मधे टांगते. घोंगडीच्या पुढं मोटार आपोआप चालते, असं समज."

मग चालकाच्या पाठीमागे घोंगडीची कनात उभी राहिली, आणि प्रथम बाई तोंड फिरवून मोटारीत चढल्या, आणि मग इमुनाबाईंनी शीळ घातली, आणि मग झाडाआडून क्लिफर्ड लंगडत आला, आणि स्वारी मार्गस्थ जाहली.

पाहुण्यांत दोन सरदार नामांकित. एक ग्रॅहमसाहेब, ॲडलेडचे निवृत्त दंतवैद्य, गळ्यात कॅमेऱ्याची तोफ वागविणारे. दुसऱ्या ब्रॉनविनबाई, मेलबर्नच्या, मोडलेल्या कुटुंबांची मने सांधणे हा ज्यांचा व्यवसाय. बाकीचे बुणगे, म्हणजे सज्जन माणसे.

वाटेत हुकूम ऐसे सुटत. यारिचीबाई खिडकीबाहेर पाहून म्हणत, "वाळक्या झाडापासून उत्तरेला." इमुनाबाई कनातीस तोंड लावून म्हणत, "उत्तरेला." पलीकडून येई, "बरं, आजी."

"आणि म्हणावं, सावकाश. कंबर मोडली."

"सावकाश हाक, मेल्या! कंबर मोडली."

"कुणाची, आजी?"

"माझी! आणखी कुणाच्या कंबरेची चौकशी करायचीय तुला?"

यावर मोटार अदबीने सावकाश चालू लागली.

एका तांबड्या कड्यापाशी फौज उतरली, तेव्हा यारिचीबाईंनी फर्मान काढिले की येथे तसबीर घेणे मना. ग्रॅहमसाहेबांनी कारण पुसले.

"त्याला आवडत नाही."

"कोणाला?"

"कड्याला."

ग्रॅहमसाहेब शिस्तीचे मनुष्य. त्यांनी कड्याकडे पाठ केली, आणि बोटे फार शिवशिवली म्हणून आपल्याच बुटांच्या पुष्कळ तसबिरी घेतल्या. ब्रॉनविनबाईंनी विनविले की कड्याची कथा सांगावी.

"मोठी आहे," यारिचीबाई म्हणाल्या.

"आम्हाला वेळ आहे."

"मोठी आहे, आणि तुझी नाही."

ब्रॉनविनबाईंनी डोळे मिटले आणि हे फार खोल आहे ऐसे म्हटले.

संध्याकाळी मुक्काम पडला. क्लिफर्डने खळगा खणून निखाऱ्यांत शेपट्या भाजल्या, आणि सर्वांत जाड, चरबीदार तुकडा कापून इमुनाबाईंच्या हाती मोटारीपलीकडे धाडिला, जेथे यारिचीबाई पाठमोऱ्या बसल्या होत्या. जावयाने पहिला वाटा सासूस पोचवावा हा धर्म, तो पोचला. परंतु ब्रॉनविनबाईंस त्यात धर्म न दिसता जखम दिसली. त्यांनी इमुनाबाईंस एकीकडे घेतले.

"किती वर्षं बोलत नाहीत हो दोघं?"

"लग्न झाल्यापासून."

"अरेरे! असं झालं तरी काय होतं?"

"लग्न," इमुनाबाई म्हणाल्या, आणि शेपटीचे हाड चोखू लागल्या.

दुसऱ्या मजलेस रस्ता संपला आणि नुसती वाळू उरली. आता यारिचीबाईंचा हुकूम अडखळत सुटू लागला. त्यांनी मनात जपलेला मुलूख एक, आणि समोर आलेला दुसराच. झाडे वणव्यात जळून निराळी उगवलेली, टेकड्या सगळ्या एका आईच्या पोरींसारख्या. बाई "उत्तरेला" म्हणत, मग गप्प होत, मग मनाशीच म्हणत, ही वाट मी कधी पाहिलीच नाही. पाठीमागे सज्जन माणसे शेंगदाणे खात होती. कोणास ठाऊक नव्हते की सेनापतीचा किल्ला आतून ढासळतो आहे.

दुपार तापली, इमुनाबाई घोरू लागल्या, आणि ब्रॉनविनबाईंनी घात केला. त्यांनी घोंगडीची गाठ सोडिली आणि म्हणाल्या, "आता दोघांनीही मोकळा श्वास घ्या." कनात पडली. यारिचीबाईंनी चपळाईने तोंड झाकू म्हटले, आणि क्लिफर्डची नजरही समोरच होती, कायदा वाचलाच होता. परंतु मागून एकाएकी उजेड कसला आला म्हणून त्याने सहज वर पाहिले, आणि वर आरसा. ऐन मोक्यास आरसा फितूर जाहला. डोळ्यांस डोळे भिडले.

मग मोटार कचकन थांबली, आणि क्लिफर्ड दार उघडून, मुरगळल्या घोट्याची तमा न धरता, लंगडत वाळूची टेकडी चढला आणि पलीकडे दिसेनासा जाहला. किल्ली त्याच्या खिशात गेली.

इमुनाबाई जाग्या जाहल्या. "पोचलो का?"

हकीकत कळली तेव्हा त्यांनी कपाळाला हात लाविला. ब्रॉनविनबाई रडू लागल्या. "मला वाटलं, त्यांचं भांडण आहे."

"अगं पोरी, भांडण असतं तर रोज बोलले असते!"

यारिचीबाई उतरल्या, आणि डोक्यावरून घोंगडी घेऊन मोटारीच्या आडोशाला पाठमोऱ्या बसल्या. जावई परत यावा तर सासूने तेथे नसल्यासारखे व्हावे. तितकेच त्यांच्या हाती होते. स्वारी येथूनच माघारी वळली तर तालिपिती पुन्हा नाही. आणि पुढे गेली तरी कोठे जाणार? घोंगडीच्या अंधारात त्या आईचे तोंड आठवून पाहत होत्या, आणि तेही धड आठवेना.

इमुनाबाईंनी निवाडा केला. "मी गेले तर मला हसू येईल, आणि तो आधीच लाजेनं मेलाय. जिनं पडदा काढला तिनंच जावं. चहा घेऊन जा. आणि तिचं नाव घेऊ नकोस."

ब्रॉनविनबाई चहाचा डबा घेऊन टेकडीपलीकडे गेल्या. क्लिफर्ड गुडघ्यांत मान घालून बसला होता.

"त्या म्हणाल्या..."

"कोण त्या? मला कोणी ठाऊक नाही."

"बरं. कोणीतरी रागावलेलं नाही."

क्लिफर्डने चहाचा घोट घेतला. "हे बघ ताई, मी कोणाला काही सांगत नाही. पण उद्या तुझ्याच मनात आलं, की कोणीतरी मोटारीत अगदी मागच्या दाराशी, मागं तोंड करून बसावं, तर ते तुझं म्हणणं. आणि त्या आरशाचं काहीतरी करा. ते मात्र माझं."

"आणखी काही?"

"चहात साखर कमी आहे."

याप्रमाणे तह ठरला. ग्रॅहमसाहेबांनी आपली टोपी आरशास चढविली. त्या उन्हात टक्कल असता टोपी देणे हे लहान दान नव्हे. ब्रॉनविनबाईंस दोन्ही दरबारांचे वकील नेमिले, आणि यापुढील प्रत्येक निरोप त्यांनीच पोचवावा ऐशी शिक्षा ठरली. मागचे दार उघडून बांधिले, आणि यारिचीबाई पाय बाहेर सोडून, आल्या वाटेकडे तोंड करून बसल्या.

"पण मागं बघत ह्या पुढची वाट कशी सांगणार?" ग्रॅहमसाहेबांनी हळूच पुसले.

मोटार चालली. वाळू पायांखालून मागे धावू लागली, टेकड्या लहान होत मागे पडू लागल्या, आणि मग दोन टेकड्यांच्या खिंडीत तिसरी, चपटी, वासराच्या पाठीसारखी टेकडी हळूच येऊन बसली, आणि बाईंच्या अंगावर काटा आला. ही त्यांनी पाहिली होती. अशीच, मागे जाताना. लहानपणी पाण्याकडे येताना चालून चालून पाय थकत, मग आई उचलून खांद्यावर टाकी, आणि आईच्या खांद्यावर हनुवटी ठेवून पोर मागे पाहत येई. पुढली वाट आईची होती. पोरीच्या वाट्यास सारा मुलूख मागे पडतानाच आला होता.

"उगवतीला!" बाई ओरडल्या. "सांग, उगवतीला वळ म्हणावं!"

"उगवत कुठाय?" वकिलांनी घाबरून पुसले.

"सकाळी होती तिथंच आहे!"

"क्लिफर्ड, उगवतीला! सकाळी होती तिथंच!"

"ऐकलं," पुढून आले.

"ऐकलंय तर मी कशाला परत सांगू?"

"तू सांगितलंस म्हणून ऐकलं, ताई. त्याआधी नाही."

मग बाई सांगत गेल्या, आणि वकील ओरडत गेल्या, आणि मोटार वळत गेली, आणि दिवस कलण्याआधी तालिपितीचा खडक लागला.

यारिचीबाईंनी सर्वांस दुरूनच थांबविले, कारण परक्यांस ओळख दिल्यावाचून पाण्यापाशी नेऊ नये. मग त्यांनी खडकाकडे तोंड करून हाक घातली. "मी आले गं! यारिची! उशीर झाला, पण आले! ही माणसं परकी आहेत. अडाणी आहेत, वाईट नाहीत. ह्यांना काही करू नकोस!" आणि मग एकेका पाहुण्याचे नाव घेतले. सर्व नावे जाहली आणि एक राहिले, ते त्यांच्या तोंडून निघणे नव्हते. बाई थांबल्या. तेव्हा ब्रॉनविनबाई, कोणी न सांगता, मोठ्याने म्हणाल्या, "आणि क्लिफर्ड! यानं आणलं आम्हाला!" बाईंनी पदरासारखी घोंगडी तोंडावर ओढली, परंतु मान हलविली.

पाणवठा वाळूने बुजला होता. सज्जन माणसे काठाशी उभी राहिली, आणि ब्रॉनविनबाई हळू आवाजात म्हणाल्या, "या जागेची गोष्ट काय आहे?"

"खणा," यारिचीबाई म्हणाल्या.

मग सारी फौज गुडघ्यांवर आली आणि हातांनी, थाळ्यांनी, डब्यांनी खणू लागली. ग्रॅहमसाहेबांनी खडकाची प्रत्येक फट ऐशी साफ केली की जणू त्या फटीस दाताचे दुखणे होते. वाळू ओली जाहली, मग चिखल आला, मग गढूळ पाणी आले, मग बाईंनी सर्वांस थांबविले आणि सारे वाट पाहत बसले, आणि पाणी निवळले.

बाई ओंजळभर पाणी प्याल्या. मग त्यांनी चहाचा डबा भरून मधल्या सपाट दगडावर ठेविला, आणि लांब जाऊन पाठ करून बसल्या. इमुनाबाईंनी शीळ घातली. क्लिफर्ड मोटारीआडून आला, प्याला आणि गेला. सासूने घोट मोजले नाहीत, परंतु ऐकिले.

येणेप्रमाणे तालिपितीचे पाणी सर जाहले. शत्रू कोणी नव्हता, सबब शत्रूकडील जखमी नाहीत. आपल्याकडील एक टक्कल भाजले आणि एका वकिलाचा घसा बसला. सासूने जावयाचे तोंड पाहिले नाही, जावयाने सासूचे पाहिले नाही, आरशातले धरण्याचे कारण नाही, ऐसे उभयपक्षी मान्य जाहले. सूर्य बुडता इमुनाबाई दगडावरला डबा आणावयास गेल्या, तो त्यात पाणी निम्मे राखिलेले आढळले. हा सासूचा वाटा, हे त्यांनी ओळखिले आणि डबा तसाच बाईंच्या हाती दिला. यारिचीबाई ते पाणी शेवटच्या थेंबापर्यंत प्याल्या, आणि मोहीम फत्ते जाहली.