कोरड्या माडांची सहल

दामूभाऊंची बैलगाडी घंटा वाजवल्याखेरीज हलत नसे. एक टोला म्हणजे थांबा, दोन टोले म्हणजे चला. नियम मुंबईच्या ट्रामचा. पण रेवदंड्याच्या त्या दोन पांढऱ्या बैलांच्या तो इतका अंगवळणी पडला होता, की शाळेच्या घंटेचे दोन ठोके पडताच ते आपण होऊन चालू लागत आणि देवळात कुणा भाविकाने एकच टोला दिला तर भर उतारावर खांबासारखे थबकत. गाडीतली माणसे एकमेकांच्या अंगावर कोसळत. दामूभाऊ मात्र मागे वळून शांतपणे म्हणत, "लोंबकळू नका. उतरणाऱ्यांना आधी उतरू द्या." उतरणारे कुणीच नसे.

तरुणपणी गाव सोडून गेलेला हा माणूस उभे आयुष्य मुंबईच्या ट्राममध्ये कंडक्टरी करून, पत्नीच्या मागे एकटाच गावी परतला होता. माझे यजमान तेव्हा रेवदंड्याला पोस्टमास्तर होते आणि आमचे बिऱ्हाड दामूभाऊंच्या कुंपणाला लागून होते. खाकी कोटाची सगळी बटणे लावून ते सकाळी अंगणात उभे राहत आणि प्राजक्ताची फुले वेचणाऱ्या मला सांगत, "वहिनी, पुढे सरका, पुढे सरका. मागे गर्दी आहे." मागे तुळस असे.

रविवारी ते सहल काढत. त्यांच्या गाडीत सहाच माणसे बसत. "सहा म्हणजे सहल, वहिनी. त्यापुढे जत्रा." अलिबागची, मुंबईची, कुणाकुणाकडे आलेली पाहुणे मंडळी हौसेने नाव लावत. माडांच्या वाड्यांतून गाडी जाई, मग टेकडी पायी चढायची आणि माथ्यावरच्या माथेवाडीत तांदळाच्या भाकरीचे जेवण. कार्यक्रम ऐकायला साधा होता. घडायला तसा नव्हता.

दामूभाऊ भंडाऱ्यांच्या घरातले. त्यांचे वडील माड छेदून माडी काढत. या किनाऱ्याची माडी म्हणे गलबतांतून दूरवर जाई. पण दारूबंदी आली, मडकी उतरली आणि माड नुसतेच उभे राहिले. आता ज्या पेयासाठी या वाड्यांची कीर्ती, ते पेयच नाही, तर सहलीत दाखवायचे काय? दामूभाऊंनी त्यावर तोड काढली होती. प्रत्येक वाडीत विहिरीशी गाडी थांबे. ते पोहऱ्याने पाणी काढत, घासून गुळगुळीत केलेल्या करवंट्यांत ओतत आणि एकेकाच्या हाती देत.

"लगेच गिळू नका. जिभेवर धरा. हेच पाणी पिऊन माड वाढला. आता सांगा, इथली माडी कशी असेल?"

माणसे गोंधळून एकमेकांकडे पाहत. मला मात्र, खरे सांगते, फरक कळे. एका विहिरीच्या पाण्याला शेवाळाची हिरवी थंडाई होती, दुसरीच्या पाण्यात लोखंडाची पुसट धार, आणि समुद्राकडच्या वाडीतल्या पाण्यात मीठ असे लपलेले, की घोट संपल्यावरच ओठांना ते आठवे. एकदा दारूबंदीचे हवालदार संशय येऊन सहलीत बसले. चौथ्या विहिरीशी डोळे मिटून, बराच वेळ विचार करून ते म्हणाले, "ही जरा चढते आहे." दामूभाऊंनी त्यांना पुढच्या रविवारी पुन्हा बोलावले.

दामूभाऊंची खरी ख्याती मात्र रस्ता चुकण्यात होती. त्यांच्या डोक्यातल्या गावात त्यांच्या तरुणपणचेच माड उभे होते. "वाकडा माड लागला की उजवीकडे," असे ते ठणकावून सांगत. तो वाकडा माड कधीच वादळात आडवा झाला होता आणि मधल्या काळात दुसरे कितीतरी माड वाकले होते. दामूभाऊ प्रत्येकाशी उजवीकडे वळत. आम्ही गोल गोल फिरत राहू. वाटेत कुणाला विचारावे म्हटले की त्यांचा चेहरा कठोर होई. "कंडक्टरनं उतारूला रस्ता विचारायचा?" एकदा असेच भरकटत आम्ही एका अनोळखी लग्नाच्या मांडवात शिरलो आणि पंक्तीला बसून जेवून उठलो. "हा थांबा आजच नवा काढला," दामूभाऊंनी जाहीर केले.

हे किस्से मुंबईला त्यांच्या लेकीच्या कानी गेले. कुसुम एकुलती एक, दादरला राहणारी. ती आणि जावई शरदराव एका शुक्रवारी गाठोडी घेऊन आली ती दामूभाऊंना कायमचे न्यायलाच.

"बाबा, तुमचं डोकं आता ठिकाणावर नाही," कुसुम ओटीवरून बोलत होती. कुंपणापलीकडे मी पापड वाळत घालत होते. ऐकू येत होते. "एक दिवस टेकडीवरून कुठं तरी पडाल."

"माझं डोकं ठिकाणावर आहे. ठिकाणंच हलली आहेत."

"चला आमच्याबरोबर."

"लेकीच्या दारात दुपारपलीकडे थांबायचं नाही, ही आपल्या घरची रीत. माझ्या बापानं तुझ्या आत्याकडे पाणीसुद्धा घेतलं नाही कधी."

"रीत धडधाकट माणसाला असते," शरदराव म्हणाले. ते औषधांच्या कंपनीत फिरतीवर असत आणि कोणतेही वाक्य विकल्यासारखे बोलत. "आजाऱ्याला कसली आलीय रीत?"

दामूभाऊ उठून उभे राहिले. "ठीक. परवा रविवार. माझ्या सहलीला या. न चुकता माथेवाडीला पोचवलं तर मी इथंच राहणार आणि हा विषय पुन्हा काढायचा नाही. चुकलो तर आजारी म्हणा, वेडा म्हणा, हवं तिथं न्या. वहिनी, ऐकलंत ना? तुम्ही साक्षीदार. तुम्हीही यायचं."

पापड हातातच राहिले. हा माणूस हरणार, याबद्दल मला शंका नव्हती. गाव त्यांच्यावाचून कसे दिसेल, हे मात्र डोळ्यांसमोर येईना.

शनिवारी दुपारी दामूभाऊ चुन्याचे डबडे घेऊन निघाले. पांडूतात्यांना सोबत घेऊन त्यांनी वाट खात्रीने पाहून घेतली आणि गाडीतळापासून टेकडीच्या पायथ्यापर्यंत वळणावळणावरच्या माडाला पांढरा पट्टा ओढला. युक्ती नामी होती. फक्त एक गोष्ट त्यांच्या लक्षात आली नाही. दारूबंदीपूर्वी ज्या माडांना माडी काढण्याचा परवाना मिळे, त्यांवर अबकारी खात्याची माणसे अशीच खूण करून जात. संध्याकाळपर्यंत साऱ्या आळीत बातमी पसरली: बंदी उठली!

पांडूतात्या म्हणजे दामूभाऊंचे बालमित्र, एके काळचे नावाजलेले माड छेदणारे. चुना दामूभाऊंनी आपल्यादेखत फासला, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिले होते. तरीही त्यांनी आशा सोडली नाही. दिवेलागणीला ते कोयता परजतच आले.

"दामू, खरं सांग. उठली काय रं बंदी? आमी कोनाला सांगनार न्हाय."

"अरे, तो चुना माझाच. माझ्या खुणेसाठी."

"व्हय व्हय," तात्यांनी डोळा मिचकावला. "सरकारनं तुला गुपचूप नेमलाय. मुंबैची वळख हाय तुजी."

रविवारी सकाळी दोन टोले पडले आणि गाडी हलली. आत कुसुम, शरदराव आणि मी. पांडूतात्या कमरेला कोयता लावून मागून चालत येत होते. विजार, टोपी, हातात चामडी बॅग अशा थाटातले शरदराव हे अबकारीचे साहेबच, याबद्दल त्यांची खात्री झाली होती.

"सायेब, माजे धा माड लिवा. घरामागचे चार न्हाय लिवले तरी चालंल."

"अहो, मी खोकल्याचं औषध विकतो!"

"त्यात बी वाईच दारू आसतीच ना?" तात्या समजूतदारपणे म्हणाले.

पहिल्या वळणाशी गाडी आली आणि दामूभाऊंचा हात घंटेवरच थिजला. माडाला पट्टा नव्हता. दुसऱ्यालाही नव्हता. विहिरीच्या कठड्याशी तात्यांची कारभारीण चंद्राकाकू काथ्याचा जुडगा हातात घेऊन उभी होती. तिची बोटे चुन्याने पांढरी झाली होती.

"पुसला मी समदा," ती म्हणाली. "चौघीजणी होतो. पहाटंपासून येक येक माड घासला. लई वर्सांनी घरात शांतता हाय, दामूभाऊ. ती माडी परत नको आमाला."

 तात्यांनी कोयता काढून तिच्या हाती दिला आणि दोघे घराकडे वळली. शरदराव घड्याळात पाहू लागले.

दामूभाऊ खाली उतरले. गाडी तिथेच सोडली. ना घोषणा, ना विहिरींचे पाणी. एरवी अखंड बोलणारा तो माणूस गप्प झाला आणि पुढे चालू लागला. माड आला की ते तळहात खोडावर ठेवत. चढण्यासाठी खोडांवर पायऱ्यांसारख्या खाचा पाडलेल्या असतात. त्यांवरून त्यांची बोटे आंधळ्याने चेहरा चाचपावा तशी फिरत.

"काय शोधताय?" मी हळूच विचारले.

"बाप डावरा होता माझा," ते म्हणाले. "सगळ्यांच्या खाचा उजवीकडे उतरतात. त्याच्या डावीकडे. टेकडीखालचे माड त्याच्याकडेच होते, वहिनी."

बोलण्याच्या नादात इतके दिवस झाडांना हात लावायला त्यांना सवडच झाली नसावी. त्या दिवशी मात्र एका डावऱ्या खाचेवरून दुसरीकडे, सावलीच्या पट्ट्यांतून, वाळक्या झावळ्यांच्या कुरकुरीवरून ते आम्हाला असे घेऊन गेले, की एकही वळण उलटे पडले नाही. टेकडीची तांबडी चढण समोर आली तेव्हा शरदरावांनी टोपी काढून कपाळ पुसले. ते हरत चालले होते.

अर्ध्या चढावर एका आंब्याखाली आम्ही टेकलो. शरदराव वाऱ्याला म्हणून जरा पुढे गेले, दामूभाऊ कोटाच्या खिशांतल्या दोन करवंट्या घेऊन झऱ्याचे पाणी आणायला मागे उतरले. कुसुम गवताची काडी मोडत बसली होती.

"जिंकतील ते," ती म्हणाली.

"तुला वाईट वाटतंय?"

"वहिनी, त्यांचं डोकं ठीक आहे, मला ठाऊक आहे." काडीचे तुकडे तिने ओच्यात जमवले. "यांची फिरती. महिन्यातले थोडेच दिवस घरी. मूलबाळ नाही. संध्याकाळी दिवा लावते, दोन खोल्यांत माझ्याच बांगड्या वाजलेल्या ऐकते. माझ्यासाठी या म्हटलं तर बाबा रीत सांगणार. आजारी ठरले असते, तर आले असते. म्हणून त्यांना वेडं ठरवायचं हे माझं नाटक."

मी काही बोलणार, तोच मागे पाचोळ्यावर पाणी टपटपल्याचा आवाज आला. दामूभाऊ दोन्ही हातांत भरल्या करवंट्या घेऊन उभे होते. पाणी काठावरून सांडत होते आणि त्यांना ते कळत नव्हते. कुसुमची पाठ त्यांच्याकडे होती. त्यांनी मोठ्याने खाकरून, जणू आत्ताच आल्यासारखे, "पुढे सरका, पुढे सरका," असा पुकारा केला.

थोडे वर गेल्यावर वाट फुटली. उजवीकडची पाऊलवाट रुंद, पायांनी गुळगुळीत झालेली. तिच्या टोकाला माथेवाडीची कौले दिसत होती, चुलींचा निळा धूर वर चढत होता, भाजत्या भाकरीचा वास उतरून थेट आमच्या पोटात शिरला होता. एक कोंबडासुद्धा आरवला. डावीकडे काटेरी करवंदी आणि तिच्यातून जेमतेम शेळी जाईल एवढी फट.

दामूभाऊ थांबले. उजवीकडे पाहिले. बराच वेळ पाहिले.

"डावीकडे," ते म्हणाले.

"भाऊ!" माझ्या तोंडून गेले.

"वहिनी, कंडक्टर कोण आहे?"

करवंदीने आमच्या पदरांची लक्तरे केली. शेवटी वाट एका उघड्या कातळावर संपली. खाली माडांचा हिरवा समुद्र, त्यापलीकडे खरा समुद्र. आणि माणसाचे नाव नाही. दामूभाऊंनी कोटाची वरची दोन बटणे काढली, आणि तो उघडा गळा मला प्रथमच दिसला.

"चुकलो, जावईबापू," ते म्हणाले. "डोकं गेलंय माझं. कधी निघायचं?"

"मी म्हणत नव्हतो?" शरदराव विजयाने उजळले होते. त्यांना भुकेशिवाय काही जाणवत नव्हते. कुसुम मात्र वडिलांच्या तोंडाकडे पाहत होती. मग तिने वळून उजवीकडच्या धुराकडे पाहिले, पुन्हा वडिलांकडे पाहिले, आणि पदर डोळ्यांना लावला.

"रडतेस काय?" दामूभाऊ खेकसले. "माझ्या पथ्याची कटकट तुलाच निस्तरायची आहे. सकाळी दोन चहा लागतात मला. आणि बडबड ऐकून घ्यावी लागेल. आहे तयारी?"

"आहे," ती म्हणाली.

माथेवाडीत जेवून उतरलो तेव्हा ऊन कलले होते. खालच्या माडांच्या वाडीत शिरलो आणि दामूभाऊ पुन्हा रस्ता चुकले, आणि या वेळी अगदी मनापासून चुकले. हात खोडांना लागत नव्हते, कारण कुसुमने त्यांचा हात धरला होता. ती बोलत होती: शेजारणीविषयी, खिडकीत येणाऱ्या चिमण्यांविषयी, कधी कुणाला न सांगितलेले काहीबाही. ते हुंकार देत, एका वाकड्या माडाशी उजवीकडे वळत, मग दुसऱ्याशी उजवीकडे. शरदराव पाय ओढत येत होते. झावळ्यांच्या फटीतून डाव्या हाताला आमची गाडी आणि बसलेले बैल मला स्वच्छ दिसत होते. मीही त्यांच्यामागून उजवीकडे वळले.